मणिपूरच्या आधी एटापल्ली

पत्र : मी २६ वर्षांची, मूळची गडचिरोली जिल्ह्यातल्या आरमोरीची. पुण्यात लग्नाच्या फिल्म आणि जाहिराती एडिट करते. बाबा एसटीत कंडक्टर होते, बरीच वर्षं अहेरी-एटापल्लीकडे ड्यूटी होती. संघर्ष आणि मानवाधिकार या विषयांवर माहितीपट करायचे हे कॉलेजपासून डोक्यात आहे. साडेचार लाख रुपये साठवलेत. नोकरी सोडून मणिपूरला जावं असं वाटतं. कॅमेरा कोणता घेऊ? की कर्ज काढून आधी लंडनला एमए करू? आई म्हणते, "बातम्यांत मेलेल्यांची नावं येतात ती अशाच पोरांची." तिला काय सांगू?
(नाव छापू नये, पुणे)

उत्तर :

नोकरी आत्ता सोडू नकोस आणि पहिल्या फिल्मसाठी मणिपूरला जाऊ नकोस. ही दोन उत्तरं आधीच देऊन टाकते, म्हणजे बाकीचं निवांत बोलता येईल.

मणिपूरबद्दल आधी व्यवहाराचं. ३ मे २०२३ ला तिथे मैतेई आणि कुकी या दोन समाजांत हिंसा पेटली आणि साठ हजारांच्या वर माणसं घरदार सोडून छावण्यांत गेली. मैतेईंचं खोरं आणि कुकींचे डोंगर यांच्यामध्ये सुरक्षा दलांचे पट्टे पडले. इंफाळचा मैतेई ड्रायव्हर तुला चुराचांदपूरला नेणार नाही, आणि तिथला कुकी ड्रायव्हर तुला आणायला इंफाळात उतरणार नाही. म्हणजे दोन गाड्या, दोन दुभाषे, आणि प्रत्येक बाजूला 'तू तिकडूनच आलीस ना?' हा प्रश्न. बाहेरच्यांना राज्यात शिरायला इनर लाइन परमिट हा परवाना लागतो ते वेगळंच. एडिटर्स गिल्ड या संपादकांच्या संघटनेचं पथक ऑगस्ट २०२३ मध्ये तिथे जाऊन आलं. अहवाल प्रसिद्ध होताच सप्टेंबरमध्ये त्यांच्यावर गुन्हे दाखल झाले आणि अटकेपासून संरक्षण मागायला त्यांना सुप्रीम कोर्टात जावं लागलं. त्यांच्यामागे संस्था होती, दिल्लीतले वकील होते. तुझ्यामागे साडेचार लाख रुपये आहेत.

पण माझं खरं कारण हे नाही. तू हिंमत करून तेही निभावशील. तुझं पत्र मी दोनदा वाचलं. त्यात तू कुठे जाणार, काय घेऊन जाणार, काय शिकून जाणार हे सगळं आहे. ज्यांच्याकडे जाणार त्या माणसांचं तू निघून आल्यावर काय होणार, याबद्दल एक ओळ नाही. या धंद्यात टिकलेली जी माणसं मी एडिटवर जवळून पाहिली, ती सगळी हाच प्रश्न उशाशी घेऊन झोपणारी होती.

युक्रेनमधल्या मारियुपोलचं उदाहरण घे. मार्च २०२२ मध्ये रशियन सैन्याने वेढलेल्या त्या शहरात एपी या वृत्तसंस्थेचे मोजके लोक उरले होते. तिथेच युलिया पायेव्स्का, टोपणनाव तैरा, ही स्वयंसेवक वैद्यकीय मदतनीस अंगावरच्या छोट्या कॅमेऱ्याने जखमींवरचे उपचार टिपत होती. १५ मार्चला एपीचे लोक बाहेर पडले तेव्हा जगाला दाखवा म्हणून तिनेच ते सगळं फुटेज नखाएवढ्या कार्डात भरून त्यांच्या हाती दिलं. ते टॅम्पॉनमध्ये लपवून रशियन नाक्यांवरून बाहेर काढलं गेलं. दुसऱ्याच दिवशी तैरा पकडली गेली आणि तीन महिने कैदेत राहिली. कार्ड नेणाऱ्यांचं काही चुकलं असं मी म्हणत नाही. तिला काय पत्करावं लागू शकतं हे तिला पुरेपूर ठाऊक होतं. तुझ्या कॅमेऱ्यासमोर बसणाऱ्या बाईला ते तेवढंच ठाऊक असेल का, हे पाहणं तुझं काम आहे.

एपीच्या त्याच पथकातल्या मस्तिस्लाव चेर्नोव्हच्या मारियुपोलवरच्या माहितीपटाला २०२४ मध्ये ऑस्कर मिळालं. चेर्नोव्ह खार्कीवचा, म्हणजे त्याच पट्ट्यातला. सीरियातल्या अलेप्पोच्या वेढ्यातून पाचशे तासांचं चित्रीकरण घेऊन बाहेर पडलेली वाद अल-कतीब ही तिथल्या विद्यापीठाची विद्यार्थिनी. २०२५ चं ऑस्कर मिळवणाऱ्या चौघांपैकी बासेल अद्रा वेस्ट बँकेतल्या मसाफेर यत्ताचा, स्वतःच्याच गावची घरं पाडली जाताना शूट करत वाढलेला. हेल्मेट घालून विमानातून उतरणारा परका कॅमेरामन ही युद्धपटाची जुनी प्रतिमा अशा लोकांनी मागे टाकली आहे. मात्र पुरस्काराने संरक्षण मिळतं असंही समजू नकोस. त्या चौघांपैकीच हमदान बल्लालवर ऑस्करनंतर महिन्याभरात त्याच्या गावात हल्ला झाला आणि वर इस्रायली सैन्याने त्यालाच रात्रभर ताब्यात ठेवलं.

आता तुझ्या घराकडे ये, पहिली फिल्म तिथली कर. आरमोरी झाडीपट्टीतली, नाटकवेड्यांची. एटापल्ली माडिया आदिवासींची. जिल्हा एकच असला तरी तिथे तू पाहुणीच आहेस, हे आधी मान्य कर. माडिया भाषा शिकायला लाग. गोंडी थोडीफार कानावर असली तरी तेवढ्यावर विसंबू नकोस. पण तुझ्याकडे एक गोष्ट आहे जी मुंबई-दिल्लीहून येणाऱ्या कुणाकडेच नाही : तुझे बाबा. त्या मार्गावरच्या कंडक्टरला जितकी गावं आणि जितकी माणसं नावानिशी ठाऊक असतात तितकी तहसीलदारालाही नसतात. कुठल्या फाट्यावर कोण उतरतं, कुणाचा मुलगा पोलिसात गेला, कुणाचा दलममध्ये म्हणजे नक्षल्यांच्या तुकडीत, कुणाकडे आता दोन्ही बाजूंचं कुणी जात नाही. पहिल्या फेरीला त्यांना बरोबर ने आणि कॅमेरा घरी ठेव.

तू म्हणशील, तिथला नक्षलवाद तर संपत आला. ऑक्टोबर २०२५ मध्ये भूपती म्हणजे मल्लोजुला वेणुगोपाल राव या बड्या माओवादी नेत्याने साठ साथीदारांसह मुख्यमंत्र्यांसमोर शस्त्रं खाली ठेवली आणि बातम्यांचे कॅमेरे पांगले. मला वाटतं, माहितीपटाचं काम तिथूनच सुरू होतं. शरण आलेला माणूस ज्या गावात परततो तिथे त्याच्या जुन्या बंदुकीने विधवा झालेली बाईही राहते. एटापल्लीकडच्या सुरजागडचं लोहखनिज वाहणारे ट्रक दारावरून जातात. वनहक्क कायदा २००६ चा. २००९ मध्ये धानोऱ्याकडच्या मेंढा-लेखा गावाने त्यातून सामूहिक हक्क मिळवून दाखवला. पण ज्या गावांच्या डोंगरात खनिज आहे तिथली ग्रामसभा काय म्हणते आणि तिचं कोण ऐकतं? १ मे २०१९ ला जांभुळखेड्याच्या स्फोटात १५ पोलीस आणि एक खासगी गाडीचा चालक गेला. त्या सोळा घरांतल्या नंतरच्या दिवाळ्या हासुद्धा मानवाधिकाराचाच विषय आहे. वर्दीतल्या माणसाला मानवाधिकार नसतात असं समजणारे आपल्या क्षेत्रात काही कमी नाहीत, त्यांच्यात जाऊ नकोस.

तिथे काम करायचं तर एक समजून घे. तू कुणाच्या ओट्यावर बसून चहा घेतलास हे संध्याकाळपर्यंत सगळीकडे पोहोचतं. पोलिसांचा खबऱ्या ठरवून माओवाद्यांनी मारलेली माणसं आणि माओवाद्यांना भात वाढला म्हणून चौकशीला नेलेली माणसं, दोन्ही याच जंगलातली. त्यामुळे एकाच घरी वारंवार जाऊ नकोस. गेलीस तर आजूबाजूच्या चार घरीही जा. कोण बोललं आणि कोण बोललं नाही, हे बघणाऱ्याला कळता कामा नये.

संमतीचं बोलू. फिल्मवाल्यांच्या जगात रिलीज फॉर्मवर सही झाली की संमतीचा विषय संपतो. तो कागद निर्मात्याला वाचवतो, समोरच्याला नाही. ज्या बाईने कधी स्वतःला पडद्यावर पाहिलेलं नाही तिची पहिल्या दिवशीची 'हो' ही बहुतेक पाहुण्याला दिलेली 'हो' असते. म्हणून ती पुन्हा पुन्हा विचारायची : शूटिंगआधी, एडिट आकाराला आल्यावर तिचा भाग तिला दाखवून, आणि फिल्म बाहेर पडण्याआधी. तिच्या भाषेत, आणि शक्यतो तिच्या विश्वासातलं कुणीतरी तिच्याजवळ असताना. विचारताना 'तुम्हाला चालेल का' असं मोघम विचारू नकोस. हे ठाण्यात कुणी पाहिलं तर? दीराने मोबाइलवर पाहिलं तर? पाच वर्षांनी मुलीचं लग्न ठरताना कुणी दाखवलं तर? उत्तर डळमळलं तर तो प्रसंग काढायचा, मग तो फिल्ममधला सर्वांत जबरदस्त का असेना. मी एडिटवर बसलेली बाई आहे, असे प्रसंग काढताना पोटात काय होतं ते मला सांगू नकोस.

चेहरा धूसर केला की माणूस लपतो, हाही गैरसमज. आवाज राहतो, कपाळावरचं-हातावरचं गोंदण राहतं, अंगणातलं मोहाचं झाड राहतं. गावाला तेवढं पुरतं. चेचन्यातून पळालेल्या समलिंगी तरुणांवर २०२० मध्ये आलेल्या एका माहितीपटात ओळख लपवण्यासाठी त्यांच्या चेहऱ्यांवर दुसऱ्या, राजीखुशीने पुढे आलेल्या माणसांचे चेहरे संगणकाने बसवले होते. तुला ते परवडणार नाही. पण हात, पाठ, सावली आणि दुसऱ्याने वाचलेलं निवेदन एवढ्यावरही उत्तम फिल्म होते. लैंगिक अत्याचाराची गोष्ट असेल तर २०२२ ची 'मुराद संहिता' आधी वाच. इसिसच्या कैदेतून सुटलेल्या नादिया मुराद यांच्या नावाची ही नियमावली आहे. पीडितेला तेच तेच पुन्हा सांगायला लावू नये, दुसरीकडून माहिती मिळत असेल तर तिच्याकडे जाऊच नये, हा तिचा गाभा. शिवाय पीडितेची ओळख उघड करणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली दोन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हा आहे. तिची स्वतःची लेखी परवानगी असेल तर त्याला अपवाद आहे, पण त्याच्या अटी वकिलाकडून समजून घे. आणि मूल असेल तर विषयच सोड.

एवढं करूनही समोरचे नाराज होऊ शकतात. बुंदेलखंडातल्या 'खबर लहरिया'च्या पत्रकार स्त्रियांवरचा माहितीपट २०२२ मध्ये ऑस्करच्या अंतिम यादीत गेला. सोहळ्याच्या काही दिवस आधी 'खबर लहरिया'नेच जाहीर केलं की फिल्म हेलावणारी आहे, पण आमचं संपूर्ण चित्र तिच्यात नाही, एकाच पक्षाच्या बातम्यांवर आमचा सगळा भर असल्यासारखं दिसतं. मला दोन्ही बाजू पटल्या. दिग्दर्शकाला स्वतःची दृष्टी असणारच आणि ज्याचं आयुष्य आहे त्याला बोलण्याचा हक्क असणारच. तुझ्याबाबतीत हे होईल तेव्हा फोन बंद करून बसू नकोस, एवढंच.

वेळेचा हिशोबही याच्याशी जोडलेला आहे. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगर या दलित वस्तीत पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली, आणि काही दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. तिथून सुरू झालेली आनंद पटवर्धनांची 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण व्हायला चौदा वर्षं लागली. २०१२ च्या सुरुवातीला त्यांनी ती भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, ज्यांची गोष्ट त्यांच्यातच दाखवली. फिल्ममधले कबीर कला मंच या सांस्कृतिक गटाचे कलाकार पुढे कायद्याच्या कचाट्यात सापडले तेव्हा त्यांच्या बचाव समितीत पटवर्धन होते. पुरस्कार बरेच मिळाले, पण या धंद्यातलं करिअर कशाला म्हणायचं असं कुणी विचारलं तर मी ही बचाव समिती दाखवते.

चौदा वर्षं पोट कसं भरायचं? म्हणून तर नोकरी सोडू नकोस म्हटलं. फार तर मालकाशी बोलून फ्रीलान्स हो. चातुर्मासात मुहूर्त नसतात, लग्नाचं काम थंडावतं. नेमका तोच पावसाळा. पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागड तुटतं, आणि बाहेरचा कॅमेरा तेव्हा तिथे कधीच नसतो. लग्नसराईत कमव, पावसाळ्यात शूट कर. लग्नाच्या फिल्मांची लाज बाळगू नकोस. रडणाऱ्या बापाच्या किती जवळ जायचं आणि कुठे थांबायचं, हे तू मांडवातच शिकली आहेस.

पैशाची दारं आता थोडीच उरलीत. सरकारी माहितीपट काढणारं फिल्म्स डिव्हिजन एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळात विलीन झालं. दूरदर्शनसाठी स्वतंत्र माहितीपट करवून घेणाऱ्या पीएसबीटीचा जुना जोर राहिला नाही. बंगळुरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सचं अनुदान बघ, कोलकात्याच्या डॉकएजमध्ये प्रकल्प मांडायला शिक. अॅमस्टरडॅमच्या इड्फा या माहितीपट महोत्सवाचा बर्था फंड आपल्यासारख्या देशांसाठीच आहे. पण परदेशी पैसा घेण्याआधी एफसीआरए म्हणजे परदेशी देणग्यांचा कायदा कळणाऱ्या सीएकडे जाऊन ये. घडामोडींवरचे दृक्-श्राव्य कार्यक्रम करणाऱ्या कंपन्यांना परदेशी देणगी घेता येत नाही, आणि अनुदान कुठलं व सहनिर्मितीचा व्यावसायिक करार कुठला, यावर तुझं सगळं अवलंबून राहील. स्वयंसेवी संस्थांच्या फिल्म खुशाल कर, फक्त त्याच गावात नको. संस्थेची माणूस म्हणून ओळख झाली की लोक संस्थेला हवं ते सांगतात.

कायद्याचं थोडक्यात. सार्वजनिक प्रदर्शनासाठी सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतंच, १९७० मध्ये ख्वाजा अहमद अब्बास सुप्रीम कोर्टापर्यंत भांडले तरी पूर्वतपासणी टिकलीच. २००४ मध्ये मुंबईच्या मिफ महोत्सवाशी वाद झाला तेव्हा माहितीपटकारांनी शेजारी 'विकल्प' नावाचा स्वतःचा महोत्सव भरवला. त्या एकजुटीचा वारसा सांगणारी माणसं अजून आहेत, त्यांना भेट. श्रीलंकेच्या युद्धावरचा एक माहितीपट दाखवला म्हणून मलेशियात लीना हेंड्री या कार्यकर्तीवर २०१३ मध्ये खटला भरला आणि २०१७ मध्ये दंड झाला. दिग्दर्शकाला नव्हे, दाखवणारीला. तेव्हा उद्या तुझी फिल्म कुणी गावात लावेल त्याचाही विचार कर. जुलै २०२५ मध्ये आपल्या विधिमंडळाने मंजूर केलेलं विशेष जनसुरक्षा विधेयक एखाद्या वकिलाबरोबर बसून वाच. गडचिरोलीच्या जिल्हा न्यायालयातला एक वकील आधीच ओळखीचा करून ठेव, पुण्याचा उपयोग नाही.

फुटेज दोन कूटबद्ध हार्ड डिस्कवर, त्यातली एक जिल्ह्याबाहेर. फोनचं बोटाच्या ठशाने उघडणं बंद. ज्यांची नावं लपवायची त्यांची नावं फाइलच्या नावातही नकोत. परदेशी मार्गदर्शक पुस्तिका सॅटेलाइट फोन न्या म्हणतात, तो भारतात परवानगीशिवाय बाळगणं हाच गुन्हा आहे.

शरीर आणि मन यांबद्दल आपल्याकडे कुणी बोलत नाही म्हणून सांगते. टिम हेदरिंग्टन हा नावाजलेला माहितीपटकार २०११ मध्ये लिबियातल्या मिसराता शहरात रक्तस्रावाने गेला. त्यानंतर त्याच्या सहकाऱ्याने स्वतंत्र पत्रकारांना रक्त थांबवायला शिकवणारी संस्थाच काढली. तू प्रथमोपचाराचा नीट कोर्स कर. एटापल्लीत गोळीपेक्षा मोटारसायकलचा अपघात, मलेरिया आणि साप यांचीच शक्यता जास्त. मनाचं म्हणशील तर अँथनी फाइनस्टाइन या मनोविकारतज्ज्ञाने १४० युद्धपत्रकारांचा अभ्यास २००२ मध्ये प्रसिद्ध केला. त्यात सुमारे २९ टक्क्यांना आयुष्यात कधी ना कधी आघातानंतरचा तणावविकार झाला होता. आणि फक्त जाणाऱ्यांनाच होतो असं नाही. तीच किंकाळी एडिटवर पुढे-मागे करून ऐकणाऱ्यालाही ती चिकटते. आवाज बंद ठेवून पहिली छाननी कर, रात्री असं फुटेज बघू नकोस. झोप उडाली तर टेलिमानसचा १४४१६ हा सरकारी क्रमांक मोफत आहे.

लंडनचं कर्ज नको. त्या हप्त्यांसाठी तू जाहिरातीच करत बसशील. शिकायचंच तर मुंबईची टिस, पुण्याचं एफटीआयआय, दिल्लीचं जामिया आहे. कॅमेरा सेकंडहँड घे, कुठला ते दुकानदार सांगेल. उरलेले पैसे मायक्रोफोनवर घाल. हललेलं चित्र लोक पाहतात, न कळणारं बोलणं ऐकत नाहीत.

आईचं म्हणणं चूक आहे असं तिला सांगू नकोस, कारण ते चूक नाही. जामियात शिकलेला दानिश सिद्दिकी जुलै २०२१ मध्ये अफगाणिस्तानात स्पिन बोल्दाकजवळ मारला गेला, तोही कुणाचा तरी मुलगाच होता. तिला एक कागद लिहून दे : कुठल्या गावाला, कुणाकडे, किती दिवस, वकिलाचा नंबर, विम्याची पॉलिसी. बाबा पहिल्या फेरीला बरोबर आहेत म्हटल्यावर निम्मी काळजी उतरेल. उरलेली निम्मी बाबांच्या गुडघ्यांची असेल. मात्र तू ठरल्या वेळी संपर्कात आली नाहीस तर हालचाल सुरू करणारी व्यक्ती आईला करू नकोस. त्यासाठी गडचिरोली शहरातली एखादी शांत डोक्याची मैत्रीण निवड आणि रेंज नसलेल्या गावात किती तास वाट पाहून कुणाला फोन करायचा, हे तिला लिहून दे. आईला रोज रात्री साधा फोन कर, आणि रेंज नसेल त्या दिवशी तो येणार नाही हे आधीच सांगून ठेव.